तळहातावरचं तेल

देवधरांच्या घरात तेल या विषयावर मतभेद कधी झाले नाहीत. तेल म्हणजे शेंगदाण्याचं, तेही लाकडी घाण्यावरचं, आणि पुण्याहून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याने ते बॅगेत दोन लिटर आणायचंच, असा नयनाताईंचा कायदा होता. पाहुण्याचे कपडे राहिले तरी चालतील. बाकीची तेलं त्यांच्या लेखी तेलं नव्हतीच, ती औषधं. खोबरेल केसांना, एरंडेल पोटाला आणि ऑलिव्हचं तेल तान्ह्या बाळाला चोळायला. त्यामुळे बुधवारी संध्याकाळी बूट काढता काढता चंद्रशेखर देवधरांनी "शुक्रवारी आपल्याला ऑलिव्हचं तेल चाखायला जबल अख्दरच्या डोंगरावर जायचंय" असं जाहीर केलं, तेव्हा नयनाताईंनी आधी त्यांच्या कपाळाला हात लावून पाहिला.

"ताप नाहीये," चंद्रशेखर म्हणाले. "हारूनने बोलावलंय."

"तो दरवर्षीच बोलावतो."

"या वेळी खरंच बोलावलंय."

हा फरक समजायला माणूस पुण्याचा असावा लागतो. चंद्रशेखर मस्कतजवळ अझैब्यात चोवीस वर्षं राहत होते, पंपांच्या कंपनीत स्टोअर्स मॅनेजर होते, पण निमंत्रणाच्या बाबतीत त्यांनी सदाशिव पेठेची हद्द कधी ओलांडली नव्हती. "या की एकदा घरी" हे वाक्य त्यांच्याकडे निरोप घेताना म्हणायची पद्धत आहे. ते ऐकून कुणी खरंच घरी आला तर पंचाईत होते. हारून हा ओमानी मुलगा एकोणीस वर्षांपूर्वी त्यांच्या हाताखाली शिकाऊ म्हणून लागला, त्या पहिल्या दिवाळीला चंद्रशेखरनी त्याला चिवड्याचा डबा दिला आणि म्हणाले, "घरी ये कधीतरी." त्यावर तो भाबडेपणाने म्हणाला, "किस दिन, सर?"

चंद्रशेखरना आयुष्यात असा प्रश्न कुणी विचारला नव्हता. "सांगतो," ते म्हणाले. ते सांगणं एकोणीस वर्षं राहून गेलं, चिवड्याचा डबा तेवढा दर दिवाळीला जात राहिला.

हारूनची रीत मात्र उलटी. दर शरद ऋतूत, ऑलिव्हची फळं उतरली की, तो "सर, इस जुम्मा को जबल आओ, बाबा पूछता है" असं दिवसासकट सांगायचा. चंद्रशेखर त्याला आपल्याच मापाने मोजून "हो हो, इन्शाल्ला" म्हणायचे आणि विसरायचे. मग सुट्टी संपवून हारून गावाहून येताना एक काचेची बाटली घेऊन यायचा. आत गडद हिरवं तेल. त्याच्या वडिलांच्या बागेतलं, पहिल्या घाण्याचं.

या बाटल्यांचं पुढे काय झालं, हे देवधरांच्या घराबाहेर कुणालाही ठाऊक नव्हतं आणि कळावं अशी त्यांची इच्छाही नव्हती. पहिल्या वर्षी नयनाताईंनी थेंबभर जिभेवर ठेवला. घशात ठसका गेला, डोळ्यांत पाणी आलं. "कडू झालंय हो! खराब दिलंय बिचाऱ्याने." पण दिलेली वस्तू टाकून द्यायची कशी? मध्यमवर्गीय माणूस देणगी पचवू शकला नाही तरी फेकू शकत नाही. शेवटी ते तेल देवाजवळच्या समईत गेलं. ते असं शांत जळलं, काजळी नाही, धूर नाही, की तेव्हापासून बाटली घरात आली की सरळ देवघराच्या कपाटात जायची. ऑफिसात चंद्रशेखर सांगायचे, "फार सुंदर तेल. मॅडम रोज वापरतात." यात एकही शब्द खोटा नव्हता, हीच त्यातली गोम होती.

हे सगळं सुरळीत चाललं होतं, तोवर ऑगस्टमध्ये कंपनीचं पत्र आलं. एकतीस डिसेंबरपासून श्री. देवधर निवृत्त, त्यांच्या जागी हारून. पत्रात म्हटलं होतं की श्री. देवधर यांनी स्वतःच चार वर्षांपूर्वीच्या अहवालात 'हारून मॅनेजरच्या पदाला पूर्ण तयार आहे' असं लिहून ठेवलंय, त्यामुळे निर्णय घेणं सोपं गेलं. अशी उदार वाक्यं माणूस कुणी वाचणार नाही या भरवशावर लिहितो.

जागा शक्यतो स्थानिकांना द्यायच्या या नियमाबद्दल चंद्रशेखरची तक्रार नव्हती. देश त्यांचा, खुर्ची त्यांची. आपण पाहुणे आहोत हे चोवीस वर्षं त्यांना पाठ होतं. पण पाहुण्यालासुद्धा यजमानाने चपला शोधून दिल्या की लागतंच. त्या दिवसापासून त्यांनी हारूनबरोबर अकराचा चहा घेणं बंद केलं. सलाम व्हायचा, कामाचं बोलणं व्हायचं, खलास. ज्या पोराकडून आपण नटबोल्टचे नंबर पाठ करून घेतले, तो आता आपल्या खुर्चीची उंची मनातल्या मनात मोजत असेल, असं त्यांना वाटायचं. हे वाटणं बरोबर नाही हेही कळायचं, आणि कळून उपयोग होत नव्हता. आता अडीच महिन्यांनी आपण हा देश सोडणार तो असाच, तोंडात कडू चव घेऊन, याचं त्यांना वाईट वाटायला लागलं होतं.

आणि बुधवारी हारून त्यांच्या केबिनमध्ये आला, दार लावलं आणि उभ्या उभ्याच म्हणाला, "सर, इस जुम्मा को आना पड़ेगा. बाबा को आपसे एक बात पूछनी है. मुझे नहीं बताया."

"काय विचारायचं असेल?" नयनाताईंनी विचारलं.

दोघांनी एकाच वेळी देवघराकडे पाहिलं.

"तेल कसं लागलं, हेच विचारतील," चंद्रशेखर खोल आवाजात म्हणाले. "एकोणीस बाटल्या झाल्या."

जायचं ठरलं म्हटल्यावर तळमजल्यावरचे नूरुद्दीनभाई वर आले. हे रत्नागिरीचे, मसाल्याचे व्यापारी, इमारतीतल्या कुठल्याही घरी काही ठरलं की ते ठरवणाऱ्याच्या आधी यांना कळायचं. मागोमाग त्यांच्या पत्नी वजीराभाभी.

"देवधरभाय, रिकाम्या हातान जाव नका हां," नूरुद्दीनभाई सोफ्यावर बसत म्हणाले. "वर थंडी हाय, स्वेटर घ्या. घाटात पोटात ढवळतं, लिंबू घ्या. म्हाताऱ्याच्या समोर पाय लांब करून बसू नका. तो जे हातान देल ते उजव्या हातान घ्यायचा, नको म्हणायचा नाय. मी दोनदा जाऊन आलोय, मना इचारा."

"आणि काहवा, ती त्यांची कॉफी, पिऊन झाल्यावर कप हलवायचा," वजीराभाभी म्हणाल्या. "नायतर ते ओततच ऱ्हातात. हे पयल्या वेळेला चौदा कप प्याले."

"अकरा!" नूरुद्दीनभाई दुखावून म्हणाले.

एकंदर सतरा सूचना झाल्या. चंद्रशेखरनी त्या वहीत लिहून घेतल्या. अठरावी सूचना नूरुद्दीनभाईंनी दिली नाही, कारण त्यांच्या स्वतःकडे पहिल्यापासून फोर-व्हील जीप असल्यामुळे ती द्यावी लागते हेच त्यांच्या लक्षात आलं नाही.

रिकाम्या हाताने जायचं नाही म्हणून नयनाताईंनी दिवाळीचा फराळ चार दिवस आधीच काढला. बेसनाचे लाडू आणि मोठ्या दोन पिशव्या चिवडा. या पिशव्या सील करायचं काम चंद्रशेखरकडे. त्यांच्याकडे प्लास्टिक चिकटवायचं छोटं मशीन होतं आणि एक सिद्धान्त होता: पिशवीत भरपूर हवा ठेवून सील करावी, म्हणजे उशीसारखी गादी होते आणि पोहे चुरत नाहीत. स्टोअर्समध्ये आयुष्य गेलेल्या माणसाचा पॅकिंगवरचा शब्द शेवटचा असतो. नयनाताईंनी वाद घातला नाही. त्यांनी आठवण म्हणून घाण्याच्या तेलाचीही एक बाटली घेतली, तेलवाल्याच्या घरी तेल.

शुक्रवारी सकाळी दोघं आपल्या पांढऱ्या, चौदा वर्षं जुन्या, अतिशय स्वच्छ सेडान गाडीतून निघाले. दीड तासात डोंगराच्या पायथ्याशी पोहोचले. तिथे पोलिसांची चौकी लागली. एक तरुण हवालदार हसतमुखाने खिडकीशी आला, त्याने गाडीच्या चाकांकडे पाहिलं.

"फोर-व्हील?"

चंद्रशेखरनी लायसन्स दिलं. रेसिडेंट कार्ड दिलं. गाडीचा मुल्किया दिला, म्हणजे नोंदणीचं कार्ड. कंपनीचं ओळखपत्रही दिलं.

"माशाल्ला," हवालदार सगळं नीट पाहून म्हणाला. "फोर-व्हील?"

"चोवीस वर्षांत एकही अपघात नाही," चंद्रशेखर इंग्रजीत म्हणाले. "एक साधा दंडसुद्धा नाही."

"व्हेरी गुड, सर. फोर-व्हील?"

"अहो, तो काय विचारतोय ते सांगा ना," नयनाताई म्हणाल्या.

चंद्रशेखरना केव्हाच समजलं होतं. या उतारावर साध्या गाडीचे ब्रेक पेटतात म्हणून चारी चाकांना इंजिनाची ताकद असलेल्या गाड्याच वर सोडतात. पण समजणं आणि मान्य करणं यांत मध्यमवर्गीय माणसाला थोडा अवकाश लागतो. त्यांनी हवालदाराला आपण पंपांच्या क्षेत्रातले आहोत, ब्रेकच्या तत्त्वाचा आपला अभ्यास आहे, आपण पहिल्या गिअरमध्येच जाऊ, असं सगळं सांगितलं. तो मुलगा मान हलवत ऐकत राहिला. शेवटी त्याने कागद अदबीने परत दिले आणि बाजूच्या मोकळ्या जागेकडे बोट केलं, तिथे सावली चांगली आहे म्हणाला.

सावली खरंच चांगली होती. तिथे तासभर बसून चंद्रशेखरनी हारूनला फोन न करता वर जायचे सगळे मार्ग तपासले. भाड्याच्या जीपा बुक झालेल्या होत्या. एक पिकअपवाला तयार झाला, पण मागे सहा बकऱ्या होत्या आणि पुढे एकच जागा. "तू पुढे बस," चंद्रशेखर म्हणाले. नयनाताईंनी बकऱ्यांकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं, आणि पर्समधून फोन काढला.

"कुणाला करतेस?"

"हारूनला."

"तुझ्याकडे त्याचा नंबर कसा?"

"लॉकडाऊनमध्ये तुम्ही तापाने पडला होता तेव्हा कोण दाराशी सामान ठेवून जायचं? तीन वेळा आला होता. दाराबाहेर ठेवायचा, फोन करायचा आणि जिन्यात उभा राहून मी दार उघडते का ते बघायचा." त्यांनी फोन कानाला लावला. मग म्हणाल्या, "दाराशी आला होता हो. आत आपण कधीच घेतलं नाही त्याला."

तेव्हा साथ होती, दार उघडता येत नव्हतं, हे कारण खरं होतं. पण साथ दोन वर्षांची आणि ओळख एकोणीस वर्षांची, हा हिशेब कुठल्याही कारणाने जुळत नव्हता.

हारून पाऊण तासात खाली आला. अंगात पांढरा पायघोळ दिशदाशा, डोक्यावर नक्षीची टोपी. "सर, मेरी गलती. मुझे बोलना चाहिए था," तो म्हणाला, आणि सगळ्या पिशव्या स्वतः आपल्या जीपमध्ये ठेवल्या. चूक त्याची नसताना त्याने ती घेतल्यामुळे चंद्रशेखर आणखीच अवघडले. गाडी घाट चढायला लागली. पुढे दोघं पुरुष, मधे गिअर आणि मौन. वळणं येत होती, कान बंद होत होते. पाऊण घाट झाला आणि मागच्या सीटवर फटाका फुटावा तसा आवाज झाला.

हारूनने करकचून ब्रेक मारला. "टायर!"

टायर नव्हता. डोंगरावर हवा विरळ होते, बंद पिशवीतली हवा फुगते, आणि सदतीस वर्षं पॅकिंगमध्ये घालवलेल्या माणसाचा सिद्धान्त दोन हजार मीटरवर फुटतो. नयनाताईंच्या केसांत कढीपत्ता होता. गाडीच्या छतापासून आरशापर्यंत चिवडा होता. हारूनच्या पांढऱ्या शुभ्र खांद्यावर दोन शेंगदाणे आणि एक हिरवी मिरची येऊन बसली होती. दुसरी पिशवी मांडीवर घेऊन नयनाताई ती फुटायच्या आत टाचणीने भोक पाडायच्या खटपटीत होत्या.

हारूनने खांद्यावरची मिरची चिमटीत धरून पाहिली. "दिवाली वाला," तो म्हणाला. "मैं पहचानता हूँ." आणि हसू लागला. ऑगस्टपासून पहिल्यांदा चंद्रशेखरनाही हसू फुटलं, पण त्यांनी ते खोकल्यात घालवलं. इतक्या स्वस्तात विरघळायची त्यांची तयारी नव्हती.

हारूनच्या वडिलांचं नाव खल्फान. ऐंशीच्या पुढचे, काटक, दाढी पांढरी, हातात बारीक काठी. डोंगराच्या कड्यावर उतरत्या पायऱ्यांसारखी त्यांची शेती होती. डाळिंबं, अक्रोड आणि सगळ्यात वरच्या तीन पायऱ्यांवर ऑलिव्हची झाडं. खोडं पिळलेल्या धुण्यासारखी, पानं एका बाजूने हिरवी, एका बाजूने रुपेरी. खाली चादरी अंथरून घरातली माणसं हातांनी फांद्या ओरबाडत होती आणि फळं टपटप पडत होती. दगडी खोलीत लाकडी दांड्याचा घाणा होता. त्याचा दांडा वर्षानुवर्षं हात लागून गुळगुळीत झाला होता. नयनाताई तो पाहून एकदम घरी आल्यासारख्या झाल्या.

"अहो, हा तर आपला घाणाच की!" त्यांनी दांड्यावर हात फिरवला. मग आपली शेंगदाणा तेलाची बाटली काढून खल्फानना दिली. म्हाताऱ्यांनी झाकण उघडून वास घेतला, पुन्हा घेतला आणि हारूनला काहीतरी म्हणाले.

"बाबा बोलता है, इसमें धूप है," हारून म्हणाला. नयनाताईंनी एवढी दाद आयुष्यभर कुणाकडून ऐकली नव्हती.

मधेच एक चमत्कारिक गोष्ट घडली. हारूनने जीपमधला चिवडा झाडून बांधाच्या कडेला टाकला, तशा वरच्या पायरीवरून पाच-सहा बकऱ्या उड्या मारत आल्या आणि ओळखीच्या माणसाला भेटावं तशा तुटून पडल्या. मिरच्यासुद्धा सोडल्या नाहीत. "बघ, तुझ्या हातची चव," चंद्रशेखर बायकोला म्हणाले. हारून मात्र घाईघाईने दुसरीकडे बघायला लागला.

मग सगळे गालिचावर बसले. चंद्रशेखरनी पाय दुमडून घेतले. काहवा झाला, कप हलवून झाले. आता खल्फानांनी एक छोटी कळशी मागवली, आतलं तेल त्या दिवशी सकाळचं. चमचा नाही, बशी नाही. त्यांच्याकडे पहिलं तेल तळहातावर देत, हाताच्या उबेने त्याला वास सुटतो म्हणून. त्यांनी चंद्रशेखरना खूण केली.

चंद्रशेखरनी उजवा हात पुढे केला. तळवा खोलगट केला, खाली डावा हात धरला. म्हाताऱ्याने धार सोडली. आणि साठ वर्षांच्या सवयीने जे व्हायचं ते झालं. एखाद्या वडीलधाऱ्याने तळहातावर काही ओतलं की त्या हाताला एकच गोष्ट माहीत होती. चंद्रशेखरनी डोळे मिटले, तीर्थ घेतात तसं ते तेल एका भुरक्यात संपूर्ण पिऊन टाकलं, आणि हाताला उरलेलं रीतसर डोळ्यांना लावून टकलावरून मागे मानेपर्यंत फिरवलं.

टक्कल चमकलं. बाजूला फळं निवडणाऱ्या बायका थांबल्या. आणि पुढच्या क्षणी ठसका आला. ताजं ऑलिव्हचं तेल घशात मिरीसारखं चावतं. चंद्रशेखर खोकले, लाल झाले, पुन्हा खोकले. डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं, त्यात लावलेलं तेलही होतं. नयनाताई पाठ चोळत होत्या. खल्फान स्थिर नजरेने पाहत होते. मग त्यांनी सावकाश एक वाक्य म्हटलं.

हारूनने भाषांतर करायला वेळ घेतला. "बाबा पूछता है... उन्नीस साल से आप ये तेल खाते हो. तो खाँसी क्यों?"

बांधावर बकऱ्या तेवढ्या कुरकुर आवाज करत चिवडा खात होत्या. चंद्रशेखरपुढे खोटं बोलायचे तीनचार चांगले मार्ग होते. सर्दी म्हणता आलं असतं. थंड हवा म्हणता आलं असतं. पण तोंडात ते तेल होतं आणि टकलावर ते तेल होतं, आणि अशा अवस्थेत खोटं बोलणं त्यांना जमेना. त्यांनी नयनाताईंकडे पाहिलं.

"मी सांगते," नयनाताई म्हणाल्या. त्या हिंदीत बोलल्या, हारूनकडे न बघता म्हाताऱ्यांकडे बघत. "हमने कभी नहीं खाया, बाबा. पहले साल कडवा लगा. हमको मालूम नहीं था. फेंकने का मन नहीं हुआ, तो भगवान के सामने दिया जलाया. उन्नीस साल वही जलाते हैं. मेरी बेटी उत्तरा की परीक्षा, इनकी बीमारी, सासूबाई गई वो रात, जो माँगा उसी दिये के सामने माँगा." त्यांनी हात जोडले. "आज शरम आती है. माफ करना."

हारूनने एकेक वाक्य अरबीत सांगितलं. खल्फान काठीने गालिचाची किनार सरळ करत राहिले. मग बोलायला लागले आणि हारून मागोमाग सांगत गेला. आमच्या आजोबांच्या काळी या डोंगरावर वीज नव्हती. पहिल्या घाण्याचं तेल घरात कुणी खायचं नाही. पहिली बरणी मशिदीच्या दिव्याला. नंतर वीज आली, दिवा गेला, आणि पहिलं तेल आम्ही खायला लागलो. मला ते कधी बरं वाटलं नाही.

"बाबा बोलता है," हारून म्हणाला, "पहला तेल जिधर जाना था, उधर ही गया."

नयनाताईंनी पदराने डोळे पुसले. चंद्रशेखरना वाटलं, सुटलो. झाला प्रश्न, झालं उत्तर. पण म्हाताऱ्यांनी काठी बाजूला ठेवली आणि मुलाला भाषांतर करायची खूण करून ते थेट चंद्रशेखरकडे वळले. त्यांचा प्रश्न अजून व्हायचाच होता.

एकोणीस वर्षांपूर्वी, हारून कामाला लागला त्या उन्हाळ्यात टाकीवरचा पंप बंद पडला होता. झाडं वाळायला लागली होती. नवा भाग यायला दोन महिने. तेव्हा एका हिंदुस्थानी माणसाने स्टोअर्समधल्या भंगाराच्या रॅकवर स्वतः चढून पंपाची गळती थांबवणारं रबरी कडं, एक जुनं सील, शोधून काढलं आणि म्हणाला, घेऊन जा, गाव वाट बघत असेल. या वरच्या तीन पायऱ्या त्या सीलवर जगल्या.

चंद्रशेखरना यातलं काही आठवत नव्हतं. स्टोअर्समधली सुई हलली तर वहीत नोंद करणाऱ्या या माणसाने ही एक गोष्ट कुठेच लिहिली नव्हती.

"अब बाबा पूछता है," हारून खाली मान घालून म्हणाला. आपल्या वडिलांनी हे विचारायचं ठरवलंय हे त्यालाही आत्ताच कळत होतं. "जिसने पानी दिया, उसकी कुर्सी मैं ले रहा हूँ. वो दिल से दे रहा है, या मैं छीन रहा हूँ? बाबा बोलता है, छीनना है तो मत ले. घर बैठ. खजूर बेच."

चंद्रशेखरनी हारूनकडे पाहिलं. चाळिशीचा माणूस, दोन मुलांचा बाप, वडिलांसमोर शाळेतल्या पोरासारखा बसला होता. मालाची मोजदाद करताना ओठ हलवून आकडे म्हणायची त्याची सवय त्यांना आठवली. ती त्याला चंद्रशेखरकडूनच लागली होती. अडीच महिने जे पत्र त्यांना निरोपाचं वाटत होतं त्यात एक ओळ त्यांची स्वतःची होती, आणि ती लिहिताना त्यांना मनापासून आनंद झाला होता, हेही त्यांना आठवलं. त्या आनंदाचा त्यांना पुढे रागामुळे विसर पडला होता, एवढंच.

"माझ्या हाताने लिहून दिलंय मी," ते म्हणाले. मराठीतच म्हणाले, मग भानावर येऊन हिंदीत. "बाबा, मैंने खुद लिखा था. हारून तैयार है. चार साल पहले लिखा था. बीच में थोडा भूल गया था. दिल से दिया है."

खल्फानांनी मान डोलावली. मग त्यांनी तळहाताने स्वतःच्या डोक्यावरून हात फिरवल्याची खूण केली आणि विचारलं, ते मघाशी काय होतं?

"आमच्याकडे," चंद्रशेखर म्हणाले, "मोठ्या माणसाने हातावर जे दिलं, ते संपल्यावर हाताला उरतं ना, ते कपड्याला पुसत नाहीत. डोक्याला लावतात."

हे भाषांतर ऐकून म्हाताऱ्यांनी कळशी पुन्हा उचलली आणि स्वतःच्या मुलाच्या तळहातावर तेल ओतलं.

संध्याकाळी हारूनने त्यांना चौकीशी आणून सोडलं. मांडीवर नवी बाटली घेऊन नयनाताई पांढऱ्या गाडीत बसल्या. हवालदाराने सलाम केला. चंद्रशेखर गाडीत बसता बसता थांबले.

"हारून, बाबांना घेऊन घरी ये."

हारूनच्या तोंडावर तो जुना प्रश्न आलाच होता. चंद्रशेखरनी त्याला विचारू दिलं नाही.

"सोमवारी. सकाळी साडेसहा. आमची दिवाळी असते. फ्लॅट नंबर बारा, दार तुला माहीत आहेच, लिफ्ट बंद असेल तर नूरुद्दीनभाईंची बेल मार. आणि ऑफिसला आपण एकत्र जाऊ."

सोमवारी साडेसहाला सात मिनिटं असताना बेल वाजली. पंधरा मिनिटं आधीपासून जिन्यात उभं राहून नूरुद्दीनभाईंनी दोघांना वर आणलं होतं. नयनाताईंची समई लागली होती. खल्फान देवघराच्या दाराबाहेर थोडे थांबले, लांबूनच त्या ज्योतीकडे पाहिलं. "धुआँ नहीं है," त्यांचं म्हणणं हारूनने सांगितलं.

मग फराळ आला. नयनाताईंनी म्हाताऱ्यांच्या तळहातावर, त्यांच्याच पद्धतीने, मूठभर चिवडा दिला. त्यांनी तो एका घासात तोंडात टाकला. क्षणभर सगळं ठीक होतं. मग ते लाल झाले. मग ठसका. मग डोळ्यांतून पाणी. चंद्रशेखर पाणी घेऊन धावले, आणि अर्ध्या वाटेत थबकले.

"हारून," ते म्हणाले, "एकोणीस वर्षं मी तुमच्या घरी हा चिवडा पाठवतोय. मग बाबांना ठसका का?"

हारून छताकडे बघायला लागला. नंतर लाडवाकडे. शेवटी काही इलाज नाही असं पाहून म्हणाला, "सर... बहुत तीखा है. हमारी बकरियों को बहुत पसंद है."

नयनाताईंनी कपाळाला हात लावला आणि त्या इतक्या हसल्या की त्यांना खाली बसावं लागलं. चंद्रशेखर हसले, नूरुद्दीनभाई तर दाराची चौकट धरून हसले. खल्फानांना ठसक्यातून बोलता आलं तेव्हा ते गंभीरपणे म्हणाले की चिवडा खाल्लेल्या आठवड्यात बकऱ्यांना दूध जास्त येतं, आणि हे त्यांनी शेजाऱ्यांनाही सांगितलंय.

त्यांच्या तळहाताला हळद आणि तेल राहिलं होतं. नयनाताईंनी रुमाल पुढे केला. म्हाताऱ्यांनी तो घेतला नाही. त्यांनी तळहाताकडे पाहिलं, चंद्रशेखरकडे पाहिलं, आणि आपल्या पांढऱ्या नक्षीच्या टोपीवरून हात सावकाश मागे फिरवला. टोपीवर पिवळा पट्टा उठला. तशीच टोपी घालून ते डोंगरावर परत गेले.